विजयदुर्गची आरमारी गोदी

विजयदुर्गची आरमारी गोदी ही महाराष्ट्राच्या सिंधुदुर्ग जिल्ह्यातील देवगड तालुक्यात, वाघोटन खाडीच्या काठी असलेली मराठा आरमाराची जुनी गोदी आहे. अठराव्या शतकात येथे लढाऊ जहाजांची बांधणी व दुरुस्ती होत असे. मराठी सत्तेच्या अस्तानंतर तिचा आरमारी उपयोग संपला आणि पुढे लहान व्यापारी नौकांनी ती वापरली.

== स्थान व रचना ==
गोदी विजयदुर्ग किल्ल्यापासून थोड्या अंतरावर, खाडीच्या आतल्या बाजूस आहे. त्यामुळे पावसाळी वाऱ्यांपासून तिला आडोसा मिळतो आणि शत्रूला तिच्यापर्यंत येण्यासाठी किल्ल्याच्या तोफांसमोरून जावे लागे. तिचा बराचसा भाग खडकात खोदलेला असून तोंड उत्तरेकडे आहे. लांबी सुमारे १०९ मीटर व रुंदी सुमारे ७० मीटर आहे. येथे ४०० ते ५०० टन क्षमतेची जहाजे बांधली जात.

लाकडी जहाजांना अशा जागेची सतत गरज असे. समुद्रातील कृमी लाकूड पोखरतात व तळाला कालवे चिकटल्याने वेग मंदावतो. म्हणून जहाज वेळोवेळी पाण्याबाहेर काढून तळ खरवडणे, कुजलेल्या फळ्या बदलणे आणि सांधे बुजवणे आवश्यक असते. भरतीला जहाज आत घेऊन ओहोटीच्या वेळी काम करणे, ही किनाऱ्यावरील जुनी पद्धत होती.

== आंग्रे काळ ==
कान्होजी आंग्रे यांच्या काळात विजयदुर्ग हे मराठा आरमाराचे प्रमुख ठाणे बनले. गुराबा व गलबते ही या आरमाराची मुख्य जहाजे होती. कान्होजींच्या मृत्यूनंतर (१७२९) आंग्रे घराण्यात फूट पडली. पुढे विजयदुर्ग तुळाजी आंग्रे यांच्याकडे आले. त्यांचे पेशव्यांशी वितुष्ट आल्यावर नानासाहेब पेशव्यांनी १७५५ मध्ये इंग्रजांशी करार केला.

फेब्रुवारी १७५६ मध्ये ॲडमिरल चार्ल्स वॉटसन यांच्या आरमाराने व रॉबर्ट क्लाइव्ह यांच्या फौजेने विजयदुर्गावर हल्ला केला. तोफगोळ्यामुळे एका जहाजाला लागलेली आग पसरून आंग्र्यांचे जवळजवळ सर्व आरमार जळाले. एका मराठी सत्तेने दुसरीचे बळ मोडण्यासाठी परकीयांची मदत घेतली. पश्चिम किनाऱ्यावरील मराठ्यांचे सर्वांत प्रबळ आरमार त्यात नष्ट झाले.

== पेशवे काळ ==
ऑक्टोबर १७५६ मधील तहानुसार बाणकोटच्या बदल्यात किल्ला पेशव्यांना मिळाला. त्यांनी विजयदुर्गास आपल्या आरमाराचा सुभा ठेवला व पुढे आनंदराव धुळप त्याचे प्रमुख झाले. १७८३ मध्ये धुळपांच्या आरमाराने रत्नागिरीजवळ इंग्रजांचे 'रेंजर' हे जहाज पकडले. तथापि आंग्रे काळातील वर्चस्व परत आले नाही. याच शतकात मुंबईत इंग्रज कंपनीची गोदी वाढत होती. सुरतेहून आलेल्या लवजी नसरवानजी वाडिया यांच्या देखरेखीखाली तेथे सागवानी जहाजे बांधली जात आणि १७५० मध्ये तेथील पहिली सुकी गोदी तयार झाली.

== नंतरचा वापर ==
१८१८ मध्ये विजयदुर्ग इंग्रजांच्या ताब्यात गेल्यावर येथे स्वतंत्र आरमार उरले नाही. जहाजबांधणीचे मोठे काम मुंबईत एकवटले. विजयदुर्गची गोदी मात्र खडकात खोदलेली असल्याने टिकून राहिली आणि व्यापारी गलबतांच्या उपयोगी पडली. विसाव्या शतकात कोकण किनाऱ्यावरील आगबोटी विजयदुर्ग बंदरात थांबत. त्यांच्या मोठ्या दुरुस्तीची सोय मुंबईत असल्याने जुन्या गोदीला पूर्वीचे महत्त्व आले नाही.

== महत्त्व ==
मराठा आरमाराची लाकडी जहाजे नष्ट झाली आहेत. त्यामुळे जहाजांचा आकार, दुरुस्तीची व्यवस्था व किल्ला आणि आरमार यांचा संबंध समजण्यासाठी ही गोदी महत्त्वाचा पुरावा ठरते. विजयदुर्ग किल्ल्याचा २०२५ मध्ये 'भारतातील मराठा लष्करी भूदृश्ये' या नावाने युनेस्कोच्या जागतिक वारसा यादीत समावेश झाला.