त्या काळाचं लोखंड कुठं गेलं?

धातू आणि माणूस : लेखांक ६

गेल्या आठवड्यात सोन्याच्या नाण्यांविषयी लिहिलं होतं. आज सोन्याच्या नावानं ओळखल्या जाणाऱ्या काळाविषयी, म्हणजे सुवर्णयुगाविषयी लिहायचं आहे. त्यासाठी शिरोली एमआयडीसीत जाऊ. सुवर्णयुगाची कल्पना नीट समजून घ्यायची, तर आधी लोखंडाचं काम जवळून पाहायला हवं.

कोल्हापुरातून पुण्याच्या वाटेला लागलं की पंचगंगा ओलांडल्यावर पुलाची शिरोली लागते. तिथल्या कुठल्याही फौंड्रीत पहिल्यांदा नजरेत भरते ती काळी वाळू. सिलिका वाळू, बेंटोनाइट, कोळशाची पूड आणि पाणी यांचं हे मिश्रण पॅटर्नभोवती, म्हणजे हव्या त्या वस्तूच्या नमुन्याभोवती, पेटीत ठासून भरतात. पॅटर्न अलगद काढला की वाळूत त्याच्या आकाराची पोकळी उरते. जॉब, म्हणजे ओतायची वस्तू, आतून पोकळ हवा असेल तर तिथं कोअर, म्हणजे वाळूचा गाभा, बसवतात आणि वरची पेटी खालच्या पेटीवर ठेवतात. तिकडं इंडक्शन भट्टीत पिग आयर्न, स्टीलचं भंगार आणि आधीच्या ओतकामातून उरलेले रनर-रायझर पडत असतात. रस साधारण १४०० अंश सेल्सिअसपर्यंत तापतो. नमुना तपासून कार्बन आणि सिलिकॉनचं प्रमाण जमवायचं, वरचा स्लॅग काढायचा आणि लेडलनं साच्यात ओतायचं. वाळू फार ओली असेल तर वाफ कोंडून जॉबला भोकं पडतात, रस थंड पडला असेल तर कोपरे भरत नाहीत. चूक कळते ती पेटी फोडल्यावर. म्हणून प्रयोगशाळेचे आकडे हाताशी असले तरी जुना मोल्डर मूठभर वाळू दाबून पाहतो आणि मगच पुढचं काम धरतो.

सोन्याचं असं नाही. सोनं निसर्गात बहुतेक धातूच्याच रूपात सापडतं. नदीच्या वाळूतून ते धुऊन काढता येतं, आणि ते वितळतं १०६४ अंशांना. शुद्ध लोखंड वितळायला १५३८ अंश लागतात, आणि ते आधी खनिजापासून कोळशाच्या धगीत वेगळं करावं लागतं. सोनं वेचता येतं, लोखंड मात्र घडवावंच लागतं. नागपूर जिल्ह्यातल्या नायकुंडला महापाषाण संस्कृतीच्या वस्तीत लोखंड गाळण्याची भट्टी उत्खननात सापडली. सुमारे २,७०० वर्षांपूर्वी विदर्भातल्या माणसांना ही विद्या चांगली अवगत होती.

त्याच सुमारास ग्रीसमध्ये हेसिअड हा कवी मानवजातीच्या पाच पिढ्यांची कहाणी रचत होता. पहिली सोन्याची, मग चांदीची, कांस्याची, वीरांची आणि शेवटची, त्याची स्वतःची, लोखंडाची. सोन्याच्या पिढीला कष्ट ठाऊक नव्हते. जमीन न मागता पीक द्यायची. लोखंडाच्या पिढीला दिवसरात्र राबणं आणि काळजी. उतरंडीची ही कल्पना पुढं ओव्हिड या रोमन कवीनं उचलली आणि ती साऱ्या युरोपात रुजली. पण हेसिअडचं हे काव्य ज्या निमित्तानं आलं, ते आपल्याकडच्या माणसाला लगेच समजेल. वडिलार्जित मालमत्तेच्या वाटणीवरून त्याचं आणि त्याचा भाऊ पर्सेस याचं वाजलं होतं. या भाऊबंदकीतून तो भावाला सांगतो की, कष्टात कमीपणा नाही, कमीपणा आळसात आहे. म्हणजे सुवर्णयुगाची गोष्ट सांगणारा पहिला ज्ञात माणूसच लोखंडाच्या युगात कसं जगावं हे शिकवून गेला. जगानं मात्र त्याचं सोनं तेवढं लक्षात ठेवलं.

आपल्याकडं कृत, त्रेता, द्वापर आणि कली ही चार युगं. त्यांची लांबी ४ : ३ : २ : १ या प्रमाणात घटत जाते. कृतयुग १७,२८,००० वर्षांचं, तर कलियुग ४,३२,००० वर्षांचं. घसरण इथंही आहे, पण या युगांना धातूंची नावं नाहीत. उलट भागवतात परीक्षित राजाची जी कथा येते, ती या संदर्भात फार मोलाची आहे. राजाच्या वेषातला कली गाय आणि बैल यांना मारताना परीक्षिताला दिसतो. शरण आलेल्या कलीला राजा राहायला जागा देतो : जुगार, मद्य, स्त्रीसंग आणि हिंसा. कली आणखी मागतो, तेव्हा राजा त्याला सोनं देतो. ग्रीकांनी सोन्यात सर्वांत चांगला काळ पाहिला. आपल्या पुराणकारांनी त्याच सोन्यात कलीला घर दिलं.

एकोणिसाव्या शतकात ही उतरंड उलटी झाली. कोपनहेगनच्या संग्रहालयातल्या वस्तू लावताना थॉमसेन यानं पाषाण, कांस्य आणि लोह असे तीन कालखंड केले आणि १८३६ साली ते छापून मांडले. माणूस काय गमावत गेला यापेक्षा तो काय शिकत गेला, याचा हा हिशेब होता. त्यात लोखंड सर्वांत खालची पायरी न राहता वरची पायरी ठरलं. गोव्यात जन्मलेले दा. ध. कोसंबी यांनी १९५६ सालच्या आपल्या ग्रंथात भारताचा इतिहास राजांच्या यादीऐवजी उत्पादनाच्या साधनांवरून वाचला. गंगेच्या खोऱ्यातली जंगलं साफ होऊन शेती पसरली आणि मगध बलाढ्य झाला, यामागं त्यांनी लोखंड पाहिलं. पुढच्या संशोधकांनी त्यांच्या मांडणीत दुरुस्त्या सुचवल्या, पण उत्पादनाची साधनं कोणती आणि ती कुणाच्या हाती, हा त्यांनी विचारायला शिकवलेला प्रश्न टिकून आहे.

हाच प्रश्न घेऊन गुप्तकाळाकडं पाहू. शाळेच्या पुस्तकानं आपल्याला त्याची ओळख सुवर्णयुग म्हणूनच करून दिली. त्या काळाची आज उघड्यावर उभी असलेली सर्वांत प्रसिद्ध खूण म्हणजे दिल्लीतला मेहरौलीचा स्तंभ, आणि तो लोखंडाचा आहे. सात मीटरांहून उंच, सहा टनांहून जड, आणि सुमारे १,६०० वर्षांनंतरही गंजून न गेलेला. त्यावर चंद्र नावाच्या राजाचं यश कोरलेलं आहे. ज्या लोहारांनी तो घडवला, त्यांचं एकही नाव त्यावर नाही. त्याच काळात भारतात आलेल्या फाहियान या चिनी प्रवाशानं लिहून ठेवलंय की, चांडाळांना नगरात शिरताना लाकूड वाजवत यावं लागे, म्हणजे इतरांना बाजूला होता येई. त्यांच्यासाठी तो काळ सोन्याचा होता का? सुवर्णयुग हा शब्द लिहिण्याआधी हे विचारणं आपलं कर्तव्य आहे.

कोल्हापूरकर तालमींबद्दल, सिनेमाबद्दल, ऑइल इंजिनांबद्दल ‘तो सुवर्णकाळ होता’ असं भरभरून बोलतात. शाहू महाराजांच्या कारकिर्दीबद्दल तर हमखास. ती कारकीर्द थोर का, याचं उत्तर मात्र लोखंडात आणि माणसात सापडतं. लक्ष्मणराव किर्लोस्करांनी लोखंडी नांगर काढला तेव्हा लोखंडानं जमिनीला विष बाधतं, या समजुतीनं शेतकरी तो घेईनात. १९१० साली किर्लोस्करवाडी वसली, नांगर खपू लागला, आणि पहिल्या महायुद्धात लोखंडाचीच टंचाई झाली. तेव्हा शाहू महाराजांनी संस्थानातल्या निकामी तोफा नांगरांसाठी दिल्या. ज्यानं माणसं मारायची, तो धातू रान नांगरायला गेला. याच राजानं १९०२ साली मागासलेल्या समाजांसाठी नोकऱ्यांत निम्म्या जागा राखल्या होत्या. लोखंड शेताकडं गेलं आणि अधिकार माणसाकडं गेला, म्हणून तो काळ मोठा.

तो वारसा पुढं चालला. पाणी उपसायला ऑइल इंजिन हवं, गुऱ्हाळाला चरक हवा, या गरजांतून शिवाजी उद्यमनगरातली कारखानदारी वाढली, आणि तिची जागा अपुरी पडल्यावर शिरोली, गोकुळ शिरगाव, कागल अशी ती पसरली. आज देशातल्या प्रमुख फौंड्री केंद्रांत कोल्हापूरचं नाव आहे, आणि ओतकामात भारत चीनच्या खालोखाल जगात दुसरा आहे. खंडेनवमीला इथं लेथवर, मोल्डिंग मशीनवर झेंडूच्या माळा चढतात. दुसऱ्या दिवशी दसरा चौकात सोनं लुटलं जातं, आणि ते असतं आपट्याची पानं. आधी हत्याराची पूजा आणि मग वाटून टाकायचं सोनं, हा क्रम आपल्या पूर्वजांनी विचारपूर्वक लावला असं मला मनापासून वाटतं.

पण पूजेनं सगळं फिटत नाही. आज शिरोलीत पेट्या भरणाऱ्या आणि फेटलिंग, म्हणजे ओतलेला जॉब घासून साफ, करणाऱ्या हातांत बिहार, उत्तर प्रदेश, ओडिशातून आलेले हात खूप आहेत. वाळूची बारीक धूळ वर्षानुवर्षं छातीत गेली तर सिलिकोसिस होतो. तो बरा होत नाही. कायद्यानं हा आजार कळवणं बंधनकारक आहे. धूळ ओढून घेणारी यंत्रणा, योग्य मास्क आणि नियमित छातीची तपासणी हे उपाय माहितीचे आहेत, त्यांचा खर्चही ठाऊक आहे.

म्हणून वाचकांना दोन गोष्टी सांगायच्या आहेत. कुणी एखाद्या काळाला सुवर्णयुग म्हटलं की विचारा, त्या काळाचं लोखंड कुठं गेलं, आणि ते ओतणाऱ्याचं काय झालं? आणि तुमच्या घरात, गल्लीत कुणी निवृत्त मोल्डर, पॅटर्नमेकर, भट्टीवाला असेल, तर त्याच्याजवळ बसून त्याचं काम लिहून घ्या. मेहरौलीच्या स्तंभावर लोहारांची नावं राहिली नाहीत. शिरोलीची नावं राखणं आपल्या हातात आहे.