दुष्काळातले धान्य आणि थॉमसचे प्रश्न

७ मार्च १२७४ रोजी इटलीतल्या फोसानोव्हा मठात थॉमस अक्वायनस हा डोमिनिकन संन्यासी वारला. परंपरेच्या हिशेबाने पुढच्याच वर्षी पैठणजवळच्या आपेगावात ज्ञानदेव जन्मले. आपेगावावरून खाली उतरणारी गोदावरी पुढे जालना जिल्ह्याची दक्षिण सीमा होते. या दोन घटनांचा एकमेकींशी काही संबंध नाही. पण माणूस चांगला होतो म्हणजे नेमके काय होते, हा प्रश्न त्या एकाच शतकात दोन्हीकडे इतक्या बारकाईने विचारला गेला, की जालन्यात बसून युरोपच्या मध्ययुगाकडे वळून पाहताना आपण परमुलखात आलो असे वाटत नाही.

पाया ऑगस्टीनचा (३५४–४३०). उत्तर आफ्रिकेतल्या या बिशपाच्या मते सद्गुण म्हणजे प्रेमाची नीट लावलेली क्रमवारी. पैसा, मान, मुलेबाळे यांत वाईट काही नाही. पण ज्यावर थोडे प्रेम करायचे त्यावर फार आणि ज्यावर फार करायचे त्यावर थोडे केले, की माणूस बिघडतो. आणि ही क्रमवारी माणसाला स्वतःच्या बळावर लावता येत नाही, त्यासाठी ईश्वराची कृपा लागते, असे त्याने ठासून सांगितले. पुढची कित्येक शतके चर्च या वाक्याच्या सावलीत वावरले. सहाव्या शतकाच्या अखेरीस पोप ग्रेगरीने प्रमुख पापांची यादी बांधून दिली. पाद्र्यांसाठी प्रायश्चित्तांच्या वह्या तयार झाल्या होत्या, त्यांत अमुक पापाला इतके दिवस उपास असे दरच ठरलेले असत.

या हिशेबी नीतीला पहिला जोराचा धक्का दिला पॅरिसच्या पीटर अबेलारने (१०७९–११४२). पाप हातून घडलेल्या कृत्यात नसते, मनाने दिलेल्या संमतीत असते, असे तो म्हणाला. हा विचार त्याने शेवटपर्यंत नेला: ख्रिस्ताला क्रुसावर देणारे जर खरोखरच ईश्वराची सेवा समजून ते करत होते, तर त्यांनी आपल्या सदसद्विवेकाविरुद्ध पाप केले असे म्हणता येत नाही. चर्चने त्याचे सिद्धांत दोषी ठरवले, पण प्रश्न मिटला नाही. १२१५ च्या लॅटरन परिषदेने प्रत्येक ख्रिस्ती माणसाने वर्षातून एकदा तरी पापनिवेदन केलेच पाहिजे असा नियम केला, तेव्हा तर गावोगावच्या पाद्र्यांना माणसाच्या मनात शिरून पाहावेच लागले. तेराव्या शतकात नीतिविचाराला जे उधाण आले, त्याचे एक कारण हा साधा कारभारी नियम आहे.

दुसरे कारण ॲरिस्टॉटल. १२४६–४७ च्या सुमारास लिंकनचा बिशप रॉबर्ट ग्रोसटेस्ट याने त्याचे नीतिशास्त्र ग्रीकमधून संपूर्णपणे लॅटिनमध्ये आणले. त्यात लिहिले होते की न्यायी कामे करत करत माणूस न्यायी होतो, गुण सवयीने अंगी बाणतो. मग कृपेचे काय? गुण माणूस कमावतो, की त्याला तो मिळतो? ऑगस्टीनवर पोसलेल्या विद्यापीठांपुढे हा पेच उभा राहिला.

थॉमसने दोन्ही बाजू ऐकून घेतल्या. त्याच्या ‘सुम्मा’ या ग्रंथाचा नीतीवरचा दुसरा भाग सर्वांत मोठा, दोन्ही खंड मिळून ३०३ प्रकरणांचा. प्रत्येक मुद्द्यावर आधी विरुद्ध बाजूचे आक्षेप, मग उत्तर, मग एकेका आक्षेपाचे निरसन. आपल्या शास्त्रीपंडितांच्या पूर्वपक्ष-उत्तरपक्षाची सवय असलेल्याला ही रीत ओळखीचीच वाटेल. विवेक, न्याय, धैर्य आणि संयम हे चार गुण सरावाने कमावता येतात, असे तो म्हणतो. श्रद्धा, आशा आणि प्रीती हे तीन ईश्वरच अंतःकरणात ओततो, आणि प्रीती नसेल तर बाकीचे गुण असूनही अपुरे राहतात. इथे आपल्याला ज्ञानेश्वरीचा तेरावा अध्याय आठवावा. अहिंसा सांगताना ज्ञानदेव व्याख्या करून थांबत नाहीत. तसा माणूस पाऊल कसे टाकतो, बघतो कसा, बोलतो कसा, त्याचा हात कसा हलतो, हे ते ओवीमागून ओवी दाखवत जातात. थॉमस गुणाची फोड करतो, ज्ञानदेव गुणी माणूस समोर उभा करतात. मला दोन्ही हवेत, पण बाजारात उभे राहायची वेळ आली तर थॉमस जास्त उपयोगी पडतो, असे माझे मत आहे.

कारण तो खरोखरच बाजारात शिरतो. न्याय या गुणाखाली त्याने खरेदी-विक्रीवर एक प्रकरण लिहिले आहे, आणि त्यात धान्याच्या व्यापाऱ्याचे एक जुने, सिसेरोपासून चालत आलेले उदाहरण घेतले आहे. टंचाईच्या मुलखात एक व्यापारी धान्य घेऊन पोचतो. भाव चढलेले आहेत. मागून आणखी व्यापारी माल घेऊन येत आहेत हे त्याला ठाऊक आहे, गिऱ्हाइकांना नाही. त्याने ते सांगावे का? थॉमस म्हणतो, चालू भावाने विकले आणि काही बोलला नाही, तरी त्याने न्याय मोडला असे होत नाही, कारण ती गोष्ट अजून घडायची आहे. सांगितले किंवा भाव उतरवला, तर मात्र तो अधिक सद्गुणी. न्यायाची रेघ कुठे संपते आणि त्यापलीकडचा चांगुलपणा कुठे सुरू होतो, हे त्याने दोन वाक्यांत दाखवले आहे. जालन्याच्या मोंढ्यावर भाव चढउतार बघत ज्यांचा जन्म गेला, त्यांना हा प्रश्न समजावून सांगावा लागणार नाही.

त्याच प्रकरणात तो मालातल्या दोषाबद्दल बोलतो. घेणाऱ्याला धोका किंवा नुकसान होईल असा लपलेला दोष विकणाऱ्याने सांगितलाच पाहिजे. इथे गप्प राहणे म्हणजे अन्याय. उघड दिसणारा दोष असेल आणि किंमत त्या मानाने कमी केली असेल तर गोष्ट वेगळी. बियाण्यांच्या उद्योगामुळे देशभर नाव झालेल्या या जिल्ह्यात हा भेद फार मोलाचा आहे, कारण बियाण्यातला दोष पिशवी फोडून दिसत नाही, पेरणी होऊन दिवस गेल्यावर दिसतो, आणि तोवर पाऊस निघून गेलेला असतो. व्याजाबद्दल तर तो आणखी कडक आहे: पैशाच्या वापराची वेगळी किंमत मागणे अन्याय. पण अडलेला माणूस सावकाराकडून व्याजाने कर्ज घेतो, तर त्या घेणाऱ्याला पाप लागत नाही, असे तो स्पष्ट सांगतो. कर्ज काढणाऱ्याचीच अब्रू जिथे आधी जाते, तिथे हे वाक्य मोठ्याने वाचायला हवे.

याच न्यायप्रकरणात चोरीवरचा एक प्रश्न आहे. भुकेने मरणाऱ्याने दुसऱ्याचे धान्य उचलले तर ती चोरी का? नाही, असे थॉमसचे उत्तर आहे. पराकोटीच्या गरजेच्या वेळी वस्तूंवरचा वेगळा हक्क उरत नाही, त्या सर्वांच्या होतात. आणि पुढे जाऊन तो म्हणतो की अशा वेळी शेजाऱ्याला वाचवण्यासाठी दुसऱ्याचे गुपचूप घेतले तरी चालते. मराठी माणसाला इथे मंगळवेढ्याचे दामाजीपंत आठवल्याशिवाय राहणार नाहीत. पंधराव्या शतकातल्या दुष्काळात बिदरच्या बादशहाचे कोठार त्यांनी भुकेल्यांना मोकळे केले, आणि संतकथा सांगते की विठ्ठलाने महाराच्या रूपात दरबारात जाऊन त्या धान्याचे पैसे चुकते केले. आपल्या कथेत हिशेब फिटावा लागतो, मग तो देवाला फेडावा लागला तरी चालेल. थॉमसच्या मते मुळात देणेच लागत नव्हते. अर्थात दामाजी बादशहाचे चाकर होते, कोठार त्यांच्यावर विश्वासाने सोपवलेले होते, त्यामुळे त्यांचा पेच थॉमसच्या उदाहरणापेक्षा अवघड आहे. विवेक या गुणाला त्याने इतके वरचे स्थान का दिले, हे अशाच पेचात कळते.

थॉमसनंतरच्या पिढ्यांत डन्स स्कोटस आणि ओखमचा विल्यम यांनी इच्छेला बुद्धीच्या वर बसवले, वाद फार सूक्ष्म झाले. त्यात इथे शिरायला नको. थॉमसचा विचार मराठीत आला तो सोळाव्या शतकाच्या शेवटी, एका इंग्रज जेझुइटाबरोबर. थॉमस स्टीफन्स १५७९ मध्ये गोव्यात उतरला. त्याच्या संघात ईश्वरशास्त्र शिकवले जाई ते थॉमस अक्वायनसला प्रमाण मानून. त्याचे ‘ख्रिस्तपुराण’ १६१६ मध्ये साष्टीतल्या रायतूर (राशोल) इथे छापले गेले, मराठी ओव्यांत पण रोमन लिपीत. जांबचे नारायण ठोसर, म्हणजे पुढचे समर्थ रामदास, तेव्हा आठ वर्षांचे होते. देवनागरीत हे पुराण यायला १९५६ साल उजाडले. शांताराम बंडेलूंनी ते काम केले.

स्टीफन्सच्या ओवीवर माझा जीव आहे, म्हणूनच पुढचे सांगणे भाग आहे. ज्या साष्टीत तो प्रीतीची शिकवण देत होता, तिथली देवळे त्याच्या येण्याआधीच पोर्तुगीज सत्तेने पाडली होती आणि १५६० पासून गोव्यात धर्मन्यायालय बसले होते. आणि अक्वायनसने लिहून ठेवले होते की ज्यांनी कधी ख्रिस्ती श्रद्धा स्वीकारलीच नाही, त्यांच्यावर ती लादू नये, कारण श्रद्धा इच्छेने होते. (एकदा स्वीकारून सोडणाऱ्यांबाबत मात्र त्याने हा न्याय लावला नाही.) ग्रंथ हाताशी होता, पण त्यातले हे पान गोव्याच्या कारभाऱ्यांनी उघडले नाही.

समर्थांकडे वळल्यावर एक गोष्ट लक्षात येते. आपल्या षड्रिपूंत आळस नाही. मध्ययुगीन ख्रिस्ती यादीत तो आहे, भर दुपारी मठात संन्याशाला प्रार्थना नकोशी करणारा मनाचा जडपणा या अर्थाने. समर्थांनी रायतूरचे पुस्तक पाहिले असण्याचे कारण नाही, पण जालन्याच्या घनसावंगी तालुक्यातल्या या माणसाने दासबोधात आळसाला जितके झोडपले, तितके क्वचितच कुणी झोडपले असेल. माणसाचे निरीक्षण पक्के असले की असे होते.

जालन्यात ख्रिस्ती विचार पोचला तो गोव्याच्या वाटेने नाही, स्कॉटलंडच्या वाटेने. दरम्यान युरोपात धर्मसुधारणा झाली होती, आणि ल्यूथरने १५१७ मध्येच ॲरिस्टॉटलचे सवयीने न्यायी होणे सपशेल नाकारले होते. या स्कॉटिश वाटेने आलेले नारायण शेषाद्री हे मुंबईच्या मिशन शाळेत शिकलेले ब्राह्मण, १८४३ मध्ये त्यांनी बाप्तिस्मा घेतला. त्यांचा धाकटा भाऊ श्रीपत याच्या ताब्याचा खटला कोर्टात गेला, मुलगा वडिलांकडे परतला, आणि त्याला प्रायश्चित्त देऊन जातीत घ्यावे म्हणून बाळशास्त्री जांभेकरांनी स्वकीयांचा रोष पत्करला. नारायण शेषाद्री १८६० च्या दशकात स्कॉटलंडच्या फ्री चर्चचे काम घेऊन जालन्यात आले. निजामाचे दिवाण सालारजंग यांच्याकडून मिळालेल्या जमिनीवर त्यांनी शहराजवळ बेथेल ही वस्ती वसवली. १८७३ मध्ये ते न्यूयॉर्कच्या जागतिक ख्रिस्ती परिषदेत बोलले, आणि १८९१ मध्ये समुद्रप्रवासात वारले.

बेथेलमध्ये आलेले बहुतेक लोक मांग आणि महार समाजातले होते. गावाच्या नजरेत सद्गुण हा शब्द त्यांच्यासाठी नव्हताच. थॉमसच्या न्यायप्रकरणात यावर एक दोषच नोंदवलेला आहे: एखाद्याला काही द्यायचे ते त्याच्या लायकीकडे किंवा गरजेकडे न बघता तो कोण आहे हे बघून देणे किंवा नाकारणे. श्रीमंताला केवळ श्रीमंत म्हणून मान देणेही त्याने यातच धरले. पण गुलामगिरी आणि उच्चनीच त्याने समाजाची रचना म्हणून मान्य केली, आणि स्वतःचाच नियम तिथवर नेला नाही. १८५५ मध्ये ‘ज्ञानोदया’त फुल्यांच्या शाळेतल्या मुक्ता साळवे या मांग मुलीने महारमांगांच्या दुःखाविषयी निबंध लिहिला, आणि जो धर्म एकाला सर्व देतो व दुसऱ्याला वंचित ठेवतो त्याला तिने थेट जाब विचारला. तिने थॉमसचे नाव ऐकले असण्याची शक्यता नाही. त्याने अर्ध्यावर सोडलेला युक्तिवाद तिने पुरा केला. बेथेलच्या जमिनीवर पुढे जे नांगर चालले, त्या कुटुंबांना तो निबंध वाचून दाखवावा लागला नसता. त्यातले प्रत्येक वाक्य त्यांच्या अंगावरून गेलेले होते.