खोगीराचा आकार

गेल्या महिन्यांत आमच्या घरीं एका शब्दावरून बराच खल झाला. मातोश्रींचा उजवा अंगठा मुळाशीं दुखत होता. डॉक्टरांनीं पाहून सांगितलें कीं, येथील खोगीराच्या आकाराचा सांधा झिजला आहे. मातोश्रींना तें मुळींच रुचलें नाहीं. ‘खोगीर घोड्याच्या पाठीवर! माझ्या हातांत कसलें आलें?’ आमच्या चिरंजीवांनीं येथें खोगीरभरतीचा उल्लेख केला व यथास्थित बोलणीं खाल्लीं.

खोगीर हा शब्द फारसी. घाम टिपून घेणारें, हा त्याचा मूळ अर्थ. त्याआधींचा आपला शब्द पालाण, तो संस्कृत ‘पर्याणा’पासून आलेला. खोगीरांत जें कांहीं कोंबीत ती खोगीरभरती. पुढें तें नांव निरुपयोगी माणसांस व मजकुरास पडलें (मासिकवाल्यांनीं याविषयीं फार बोलूं नये), आणि आकाराकडे कोणाचें लक्ष राहिलें नाहीं.

तो आकार मात्र मोठा विलक्षण आहे. घोड्याच्या मानेकडून शेपटीकडे पाहत गेलें तर खोगीर मध्यें खोल, दोन्ही टोकांस उंच. एका रिकिबीकडून दुसरीकडे पाहिलें तर तेंच मध्यें उंच व दोहों बाजूंस उतरतें. डोंगरांतील खिंडही अशीच. शिखरावरून धारेनें येणारास ती सर्वांत सखल, घाट चढून येणारास सर्वांत उंच. वाटीचा किंवा घुमटाचा बांक सर्व दिशांस एकजातीचा असतो. येथें दोन बांक परस्परविरुद्ध, म्हणून गणिती लोक यास ऋण वक्रता म्हणतात. गाउस याच्या १८२७ सालच्या सिद्धान्तावरून असें निघतें कीं, असला पृष्ठभाग ताणल्या-चुरगळल्यावांचून सपाट करतांच येत नाहीं.

आतां अंगठा. मनगटाचें एक लहानसें हाड व तळहाताचें पहिलें हाड येथें मिळतात. दोहोंचीं तोंडें खोगीरासारखीं, एकावर दुसरें आडवें बसलेलें. त्यामुळें अंगठा दोन्ही दिशांस वळतो व चारही बोटांस जाऊन भिडतो. सुई धरणें, वात वळणें, मोदकाच्या कळ्या पाडणें, सारें या जोडीच्या बळावर. परंतु चिमटीवरचा जोर मुळाशीं कित्येक पटींनीं वाढतो. म्हणून उतारवयांत, विशेषतः स्त्रियांचा, हा सांधा पुष्कळदां झिजतो.

हें सर्व ऐकून घेतल्यावर मातोश्रींनीं शब्द मान्य केला, पट्टीही बांधली. कणीक तिंबण्याचें काम सुनेकडे गेलें आहे. गणपतीला मोदक कोण वळणार, हा प्रश्न मात्र घरांत अद्याप कोणी काढलेला नाहीं.