रूप पालटणारा धातु

अद्भुत कथांचा ग्रंथ हातीं घेतला कीं त्यांत एखादा तरी मायावी पदार्थ भेटतोच. कोठें लोखंडाचें सोनें करणारा परीस असतो, तर कोठें मयासुरानें पांडवांसाठीं रचलेली ती सभा असते, जींत दुर्योधनास जमिनीच्या ठिकाणीं पाण्याचा भास झाला. एखादा कल्पक कथालेखक असाही धातु निर्माण करील कीं, धन्याच्या मनांत येतांच त्याच्या तलवारीची ढाल व्हावी आणि ढालीची नौका! ग्रंथ मिटल्यावर आपण म्हणतों, ‘हें सारें कल्पनेंतच!’ परंतु वाचकहो, हें म्हणणें सर्वस्वीं खरें नाहीं. रूप पालटणारा धातु पाहावयाचा असल्यास नाशिककरांस दूर जावयास नको. आपलें नाशिक तांब्यापितळेच्या भांड्यांविषयीं फार दिवसांपासून प्रसिद्ध आहे. एखाद्या तांबटाच्या कामावर घटकाभर नजर ठेवली तरी पुरे.

तांबट प्रथम तांब्याचा वाटोळा पत्रा ऐरणीवर ठेवून ठोकूं लागतो. घाव पडतां पडतां पत्र्याचा कांठ वर उचलला जातो व मधला भाग खोल होतो. परंतु कांहीं वेळानें एक चमत्कार घडतो. जो पत्रा आरंभीं मऊ होता, तोच आतां ताठर बनून हातोड्यास दाद देईनासा होतो. तरीही ठोकीत राहिल्यास त्यास चीर जाते. अनुभवी कारागीर तो क्षण ओळखतो आणि भांडें भट्टींत घालून लाल होईपर्यंत तापवितो. पोलाद लाल तापवून पाण्यांत बुडविलें तर कठीण होतें. तांबें मात्र तसें बुडविलें तरी मऊच राहतें. असें ठोकणें व तापविणें अनेकदां झालें, म्हणजे त्या पत्र्याचें तपेलें होतें. शेवटीं सारख्या अंतरानें घाव घालून तें मठारतात. त्यानें भांडें शोभिवंत होतें व मजबूतही होतें.

याचें कारण काय? धातूंतील अणु सैनिकांप्रमाणें रांगांनीं उभे असतात. घाव बसला कीं या रांगा एकमेकींवरून घसरतात, म्हणून धातु न तुटतां वांकतो. परंतु रांगांत मुळांतच कांहीं दोष असतात. घावागणिक ते वाढतात, एकमेकांत गुंततात आणि पुढील घसरण अडवितात. हाच तो ताठरपणा. भट्टींतील उष्णतेनें अणूंस हालचाल करण्यास बळ मिळतें व ते नव्यानें रांगा मांडतात. म्हणजे अग्नींत तांबें आपला पूर्वेतिहास विसरतें! म्हणूनच फुटकें भांडेंही वायां जात नाहीं. बाजारांत तें मोड म्हणून घेतलें जातें, सुमारें १०८५ अंश सेंटिग्रेड उष्णतेस वितळतें, आणि आजीच्या घंगाळाची नातीच्या संसारांत कळशी होऊं शकते.

विसरणारा धातु पाहिला. आतां आठवण ठेवणारा पाहूं. अमेरिकेंतील मेरीलंड संस्थानांत व्हाइट ओक येथें तेथील आरमाराची एक प्रयोगशाळा होती. तींत विल्यम ब्यूलर हे निकेल व टायटॅनियम यांच्या मिश्रधातूचा अभ्यास करीत होते. १९६१ सालीं एका बैठकींत या धातूची घड्या घातलेली पट्टी सर्वांस दाखविली जात होती. डेव्हिड मझी यांनीं सहज आपला लायटर पेटवून तिच्याजवळ धरला, तोंच ती सर्वांदेखत उलगडली! या धातूस ‘निटिनॉल’ असें नांव मिळालें.

निटिनॉलमध्यें अणूंच्या दोन रचना संभवतात. एक थंडपणीं, दुसरी उष्णपणीं. थंड असतां तो वांकविला तर रांगा घसरत नाहींत, नुसत्या कलतात, आणि प्रत्येक अणूचे शेजारी तेच राहतात. ऊब लागतांच सारे मूळ जागीं परततात. मात्र ही स्मरणशक्ति अमर्याद नाहीं. शेंकडा आठांहून अधिक ताणल्यास मूळ आकार पूर्णपणें परत येत नाहीं. या धातूची जाळीदार नळी बारीक मिटवून रोग्याच्या अरुंद झालेल्या रक्तवाहिनींत घालतात. तेथें ती उमलते आणि रक्ताची वाट मोकळी ठेवते. वेडेवांकडे दांत सरळ करण्याच्या तारा व न मोडणाऱ्या चष्म्याच्या काड्याही त्याच्याच होतात.

कथेंतील धातु इच्छेच्या आज्ञेंत असतो. सृष्टींतील धातु त्याचा स्वभाव जाणणाऱ्याच्याच आज्ञेंत राहतो. हें ज्ञान शास्त्रज्ञानें प्रयोगशाळेंत मिळविलें, तसेंच तांबटानें हातोडा व भट्टी यांजपाशीं पिढ्यान्‌पिढ्या मिळविलें. स्टेनलेस पोलादाचीं भांडीं घरोघर आल्यापासून तांबटांचें काम पुष्कळ कमी झालें आहे. तांबें कितीही वेळां वितळविलें तरी पुन्हां भांडें होईल. पण तांबटाच्या हातांतील विद्या एकदां विसरली गेली, तर ती कोणत्या भट्टींतून परत आणावी? म्हणून, मित्रहो, तांबटाचे घाव कानीं पडले तर क्षणभर थांबा, आणि त्यास विचारा कीं, ‘दादा, तांबें कधीं तापवावयाचें हें तुम्हांस कसें कळतें?’