तडजोडीने फारकत

गेवराई तालुक्यातील उमापुरासारख्या गावी, जिथून कित्येक कुटुंबे दिवाळीच्या सुमारास कोयता घेऊन ऊसतोडीला निघतात, तिथे घटस्फोटाच्या दाव्यातील प्रत्येक तारीख म्हणजे बुडालेली मजुरी. म्हणूनच दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८९ अन्वये प्रकरण मध्यस्थाकडे जाणे मला मोठा दिलासा वाटतो. मध्यस्थ निवाडा देत नाही. उभयतांचे म्हणणे बंद खोलीत ऐकून पोटगी, मुलांचा ताबा, माहेरच्या भांड्यांची अन् डोरल्याची यादीदेखील तो संमतीने कागदावर उतरवतो. समेट न झाल्यास, वर्षभर विभक्त राहिलेल्या दांपत्यास हिंदू विवाह कायद्यात १९७६ साली आलेल्या कलम १३-ब प्रमाणे सहसंमतीने फारकत मागता येते. अर्जानंतर थांबण्याची सहा महिन्यांची मुदतही, २०१७ च्या सर्वोच्च न्यायालयाच्या निर्णयानुसार, योग्य प्रकरणी माफ होते. स्त्रीला विधी सेवा प्राधिकरणाकडून वकील विनामूल्य मिळतो.