व्हिक्टोरियन अतिनाट्य, मराठी कादंबरी आणि मूकपट : ‘तारा’ ते ‘सावकारी पाश’

व्हिक्टोरियन कादंबरीतील अतिनाट्याचा शोध घेण्यासाठी मराठी अभ्यासकाने लंडनलाच गेले पाहिजे, असे नाही. १८५३ मध्ये निजामाने कंपनी सरकारकडे सोपविलेल्या नळदुर्ग जिल्ह्याचा कारभार फिलिप मेडोज टेलर याच्याकडे आला. नळदुर्ग व तुळजापूर आज धाराशिव जिल्ह्यात मोडतात. टेलरची ‘तारा’ ही कादंबरी १८६३ मध्ये प्रसिद्ध झाली. तुळजापूरची तरुण ब्राह्मण विधवा, तिच्यामागे लागलेला खलपुरुष, सतीची चिता व ऐनवेळी होणारी सुटका हे तिचे कथासूत्र. अफजलखानाचा वध ही तिची ऐतिहासिक पार्श्वभूमी.

हरिभाऊ आपटे यांच्या ‘गड आला पण सिंह गेला’ (१९०३) या कादंबरीतही सती जाण्यास निघालेली कमलकुमारी व तिची अभिलाषा धरणारा उदयभानू यांची योजना आहे. या साम्यावरून टेलरचे ऋण सिद्ध होत नाही. मात्र हरिभाऊंना इंग्रजी अतिनाट्याचा परिचय होता, हे निश्चित. ‘मधली स्थिति’ (१८८५) या पहिल्याच कादंबरीत त्यांनी रेनॉल्ड्सचा आधार घेतला होता.

कोल्हापूरच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत बाबुराव पेंटर यांनी १९२३ मध्ये ‘गड आला पण सिंह गेला’वरून ‘सिंहगड’ हा मूकपट निर्माण केला. येथे माध्यमांतराचा खरा प्रश्न उद्भवतो. हरिभाऊंचा निवेदक वाचकाशी संवाद साधतो, थांबतो, भाष्य करतो. मूकपटात हा आवाज पडद्यावरील मोजक्या पाट्यांपुरता उरतो. उर्वरित आशय अभिनय, वेशभूषा, नेपथ्य व प्रकाश यांना वाहावा लागतो. रात्रीच्या प्रसंगांसाठी पेंटरांनी कृत्रिम प्रकाश वापरला, तो या दृष्टीने अर्थपूर्ण ठरतो. निवेदन गळाले की सज्जन, खल व संकटग्रस्त स्त्री हा अतिनाट्याचा सांगाडा उघडा पडतो.

परंतु हा सांगाडा केवळ भडकपणाचा वाहक नव्हता. ना. ह. आपटे यांच्या कथेवरील ‘सावकारी पाश’मध्ये (१९२५) पेंटरांनी खलपुरुषाच्या जागी सावकार आणला. जमीन गमावलेला शेतकरी शहरात गिरणी कामगार होतो. ऐनवेळी सुटका करणारा कोणी येत नाही. साचा जुना राहिला, पण संकट व्यक्तीचे न राहता व्यवस्थेचे झाले.

बहुतेक भारतीय मूकपटांच्या प्रती आज नष्ट झाल्या आहेत. त्यामुळे या परिवर्तनाचा शोध घेताना मूळ कादंबऱ्यांचे सूक्ष्म वाचन हेच अभ्यासकाचे महत्त्वाचे साधन ठरते. अतिनाट्याला हीन लेखून कादंबऱ्या बाजूस सारणे म्हणजे हे साधनही गमावणे होय.