विश्वव्यापी ऊर्जेचा जमाखर्च : नारळीकरांचे ‘सी-क्षेत्र’ आणि अनेक विश्वांची कल्पना

विज्ञानकथेच्या अभ्यासात एक प्रश्न वारंवार उपस्थित होतो. लेखकाने अनेक विश्वे कल्पिली आणि त्या सर्वांना व्यापून राहणारी एखादी ऊर्जाही कल्पिली, तर त्या ऊर्जेवर कोणते बंधन असावे? ती कल्पित आहे, एवढ्यावरून तिने वाटेल ते करावे काय? या प्रश्नाच्या उत्तरासाठी परदेशी कथांकडे धाव घेण्याचे कारण नाही. जयंत विष्णु नारळीकर (१९३८–२०२५) यांनी भौतिकीत अशा एका विश्वव्यापी क्षेत्राची उभारणी केली आणि मराठी कथेत पर्यायी विश्वही रंगविले. या दोहोंचा एकत्र विचार करणे, हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे.

प्रथम मूळ अडचण पाहू. दीर्घिका एकमेकींपासून दूर जात आहेत, हे १९२९ मध्ये हबल यांच्या निरीक्षणांवरून स्पष्ट झाले. १९४८ मध्ये बाँडी, गोल्ड आणि हॉइल यांनी स्थिर स्थिती सिद्धान्त मांडला. त्यानुसार विश्वास आरंभ नाही आणि त्याचे स्थूल स्वरूप सदैव सारखेच असते. परंतु प्रसरण पावणारे विश्व विरळ होत जाणार. त्याची घनता कायम राहावयाची तर नवे द्रव्य सतत निर्माण झाले पाहिजे. त्याचे प्रमाण अत्यल्प आहे. एका घनमीटर जागेत शंभर कोटी वर्षांत हायड्रोजनचा एखादा अणू, इतकेच. तथापि प्रश्न प्रमाणाचा नसून तत्त्वाचा होता. ऊर्जेच्या अक्षय्यतेचा नियम मोडून हा अणू येतो कोठून?

१९६० नंतरच्या काही वर्षांत केंब्रिज येथे हॉइल आणि त्यांचे शिष्य नारळीकर यांनी याचे उत्तर गणिताच्या भाषेत दिले. त्यासाठी त्यांनी प्राइस यांनी सुचविलेल्या एका अदिश क्षेत्राचा आधार घेतला. हेच सृजनक्षेत्र, अर्थात ‘सी-क्षेत्र’ होय. त्याचे वैशिष्ट्य असे की, त्याची ऊर्जा ऋण असते.

ऋण ऊर्जा ही कल्पना प्रथमदर्शनी चमत्कारिक वाटते. पण यवतमाळच्या कापूस बाजारातील एखाद्या अडत्याची खतावणी डोळ्यांपुढे आणली, तर ती सुबोध होईल. अडत्याने पेढीकडून उचल घेतली की त्याच्या पेटीत रोकड दिसू लागते. परंतु तितकीच रक्कम त्याच्या डोक्यावर देणे म्हणून चढते. दोन्ही बाजू एकत्र मांडल्या तर बेरजेत काही फरक पडत नाही. अणूची धन ऊर्जा म्हणजे ही रोकड आणि क्षेत्राची ऋण ऊर्जा म्हणजे ते देणे. शून्यातून काही निर्माण झाले असे येथे घडतच नाही.

याहून महत्त्वाची गोष्ट पुढे आहे. ऋण ऊर्जेमुळे क्षेत्राचा दाबही ऋण असतो आणि व्यापक सापेक्षतेच्या नियमांप्रमाणे त्याचा परिणाम प्रतिकर्षणाचा होतो. म्हणजे जे क्षेत्र द्रव्य निर्माण करते, तेच अवकाशाचे प्रसरणही घडविते. प्रसरणाने द्रव्य विरळ होते आणि निर्मितीने ती तूट भरून निघते. शिवाय क्षेत्राची ऊर्जा कणाच्या वस्तुमानाशी तुल्य अशा मर्यादेस पोहोचल्याखेरीज निर्मिती होतच नाही. एवंच, या शक्तीला किंमत आहे, परिणाम आहे आणि मर्यादाही आहे.

१९६६ मध्ये हॉइल आणि नारळीकर यांनी आणखी धाडसी सूचना केली. मूळ विश्व अतिशय घन असून त्यात निर्मिती अखंड चालते; एखाद्या प्रदेशात मात्र सी-क्षेत्र मंदावते, निर्मिती थांबते आणि तो प्रदेश बुडबुड्याप्रमाणे फुगू लागतो. आपण ज्याला विश्व म्हणतो, तो असाच एक बुडबुडा होय. १९८१ मध्ये गूथ यांनी प्रसिद्ध केलेली स्फीतीची उपपत्ती आणि तीतून पुढे निघालेली अनेक विश्वांची कल्पना यांच्याशी या चित्राचे साम्य ध्यानात येण्याजोगे आहे. भेदही विसरता कामा नये. स्फीती घडविणाऱ्या क्षेत्राचा दाब ऋण असला, तरी त्याची ऊर्जा धन असते.

या क्षेत्राची कसोटी मात्र कठोर ठरली. १९६५ मध्ये पेन्झियस आणि विल्सन यांना विश्वातील सूक्ष्मतरंगी पार्श्वप्रारण आढळले. महास्फोटाच्या सिद्धान्तात त्याचा उलगडा सहज होतो. स्थिर स्थिती सिद्धान्तात तो सहज होत नाही. १९९३ मध्ये हॉइल, बर्बिज आणि नारळीकर यांनी सुधारित स्वरूपात सिद्धान्त पुन्हा मांडला. पण बहुसंख्य विश्वशास्त्रज्ञांना तो पटला नाही. पुंजभौतिकीचा आक्षेपही गंभीर आहे. ऋण ऊर्जेला तळ नसेल, तर निर्वात अवस्थाच अस्थिर होते. ज्या अडत्याच्या उचलीला मर्यादा नाही, त्याची पेढी टिकेल कशी?

आता कथेकडे वळू. ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेतील इतिहासाचे प्राध्यापक अशा एका विश्वात जाऊन पोहोचतात की, जेथे १४ जानेवारी १७६१ रोजी विश्वासराव गोळीतून बचावले आहेत. लेखकाने बदल केला आहे तो एवढाच. पुढील सारा निराळा इतिहास कार्यकारणाने त्यातून निघतो आणि दोन विश्वांचा उलगडाही पुंजसिद्धान्तातील अनिश्चिततेच्या आधारे सुचविला जातो. सर्वसमर्थ अशी कोणतीही शक्ती येथे मदतीस धावून येत नाही. गृहीत एक आणि त्याचा हिशेब शेवटपर्यंत चोख, ही शिस्त संशोधनात आणि कथेत एकच आहे.

आज ‘विश्वऊर्जा’ हा शब्द रोगनिवारणापासून भाग्योदयापर्यंत कशासाठीही वापरला जातो. अशा वेळी अभ्यासकाने तीन प्रश्न विचारावे. ही ऊर्जा कोणाच्या खात्यातून येते? तिची मर्यादा कोणती? आणि काय आढळले असता ती नाही असे आपण मान्य करू? कथाकाराने पहिल्या दोन प्रश्नांची उत्तरे दिली म्हणजे पुरे. शास्त्रज्ञाला तिसऱ्याचेही द्यावे लागते. सी-क्षेत्राने ते दिले, म्हणूनच त्याचा पराभव होऊ शकला. आणि पराभूत होऊनही ते अभ्यासास योग्य राहिले, याचे कारणही तेच होय.